ब्रोकमानच्या म्हशी

"तो अजून जिवंत आहे?" बापूमामांनी विचारलं आणि उचललेला घास परत ताटात ठेवला.

"जिवंत आहे, धडधाकट आहे आणि परवा आमच्या फाउंड्रीत येतोय," मी म्हटलं.

"इथं? शिरोलीत?"

"शिरोलीत. मगदूम साहेबांनी जर्मनीहून नवं मशीन घेतलंय ना, त्याच्या उद्घाटनाला ती कंपनी हाइनर ब्रोकमानला पाठवतीय. खेळणं सुटल्यापासून तो त्यांच्याकडंच नोकरीला आहे म्हणे. आणि दुभाषी म्हणून मी."

शालनमामी तव्यावरची भाकरी उलटायची विसरली. मामांनी डोळे मिटले.

मामा एवढे का घाबरले हे सांगायला हवं. कोल्हापुरात फुटबॉलचं वेड किती, हे बाहेरच्या माणसाला पटवणं अवघड आहे. तालमीतालमीचे संघ असतात आणि हंगाम चालू असेपर्यंत सख्खे मेहुणे एकमेकांशी बोलत नाहीत. बापूमामा, म्हणजे माझ्या आईचे थोरले भाऊ बापूसाहेब इंगवले, दिवसभर सरकारी कचेरीत कारकून आणि संध्याकाळी एका सायंदैनिकाचे फुटबॉलचे बातमीदार. एका वर्षी टीव्हीवर युरोपातला एक जुना, गाजलेला अंतिम सामना दाखवला. त्यात जर्मनीच्या एका आघाडीवीरानं दोन गोल मारले. दुसरा तर डोकं फुटल्यावर, पट्टी बांधून, डोक्यानंच मारला. अख्खी पेठ त्याच्यावर फिदा झाली. ब्रोकमान हे नाव कुणाच्या जिभेवर बसेना, म्हणून त्याचा 'बोका' झाला. झडप घालायचाही तसाच.

त्याच आठवड्यात छापखानेवाले शामराव रेठरेकर मामांना म्हणाले, "बापू, हंगाम सुरू व्हायच्या आत बोक्याचं चरित्र लिहून द्या. हातोहात जाईल."

मामांकडे सामग्री काय होती? एका इंग्रजी साप्ताहिकाचं एक पान. त्यावर चार ओळी: उत्तर जर्मनीतल्या गावचा, जन्मभर एकाच क्लबकडून खेळला, गुडघा जायबंदी झाल्यामुळं तिशीच्या आत निवृत्त. आणि एक फोटो, ज्यात ब्रोकमान हसत उभा आहे आणि त्याच्या हातात दुधानं भरलेला ग्लास आहे.

मामांना तेवढं दूध पुरलं. दूध आलं म्हणजे म्हैस आली. म्हैस आली म्हणजे ती सांभाळणारी आई आली. आई म्हशी सांभाळते म्हणजे घर गरीब, घर गरीब म्हणजे पोरगा अनवाणी, आणि अनवाणी पोरगा कशानं खेळणार, तर चिंध्यांच्या चेंडूनं. बघता बघता 'अनवाणी सम्राट' तयार झालं. त्यात हाइनर पहाटे उठून गोठा झाडतो, धारोष्ण दूध पितो, ओटो नावाच्या गुरूच्या आखाड्यात जोर-बैठका काढतो आणि मग मैदानात उतरतो. पुस्तक खरोखरच हातोहात गेलं. खंबीर तालमीचे अध्यक्ष आनंदराव साळोखे यांनी तर आपल्या खेळाडूंना 'ब्रोकमान पद्धत' लावली. सकाळी दूध, मग जोर, मग चेंडू. त्या वर्षी तालीम अजिंक्य ठरली. मग तर कुणी शंकाच घेईना.

अपवाद एकच. नेर्लेकर मास्तर. हायस्कुलात इंग्रजी शिकवायचे, दुसऱ्या वर्तमानपत्रात फुटबॉलवर लिहायचे आणि भेटेल त्याला सांगायचे, "अहो, जर्मनीत म्हशी नसतात."

मी पुण्याला जर्मन शिकत असताना ते पुस्तक वाचलं होतं. हसून हसून पोट दुखलं होतं. आता दुखत होतं ते वेगळ्या कारणानं.

"मामा, घाबरू नका," मी म्हटलं. "नारळ फुटेल, मशीन सुरू होईल, जेवण फाउंड्रीतच. तिथून, शहराबाहेरूनच, तो परस्पर पुण्याला. शहरात पाऊलसुद्धा टाकणार नाही."

पण फाउंड्रीतले निम्मे कामगार पेठेतलेच. दुसऱ्या दिवशी सकाळी आनंदराव साळोखे मामांच्या दारात उभे. सहा फूट उंची, गळ्यात सोन्याची साखळी, आवाज असा की शेजारच्या घरातलं मांजर उठून जावं.

"बापू! तुमचा बोका येतोय की! मगदूमांना मी फोन केलाय. उद्या फाउंड्रीतनं थेट आपल्या तालमीत. जंगी सत्कार! तुम्ही पहिल्या ओळीत, फेटा बांधून."

"अध्यक्ष, त्यांना उशीर होईल, पुण्याला जायचंय—"

"जाईल की. त्याला काय कोल्हापुरात ठेवून घेतोय का मी?" साळोखे मामांच्या खांद्यावर हात टाकून म्हणाले, "आणि त्या नेर्लेकर मास्तराला मुद्दाम बोलावलंय. लई दिवस बोंबलतोय, पुस्तक खोटं म्हणून. होऊन जाऊ दे समोरासमोर. पावण्यांना मी काय सांगत फिरतोय? लेखकाच्या घरची पोरगी करून आणतोय म्हणून. मग? माझी पण मान त्यात अडकलीय."

हे खरं होतं. मामांची उज्ज्वला आणि साळोख्यांचा धाकटा, दोघांचा साखरपुडा झाला होता. लग्न तोंडावर आलं होतं. साळोखे मनानं मोकळा माणूस, पण चारचौघांत कुणी त्यांना मूर्ख बनवलं, तर ती गोष्ट ते नातवंडांपर्यंत पोचवणारे.

ते गेल्यावर उज्ज्वला आतून बाहेर आली आणि दाराला टेकून उभी राहिली. मामांनी तिच्याकडं बघितलं, मग माझ्याकडं.

"वैजू, तो काय बोलतो ते फक्त तुला कळणार. आणि हे काय बोलतात ते त्याला तूच सांगणार."

"मग?"

"मग काय. सांभाळून घे."

ब्रोकमान मला पहिल्यांदा दिसला तो फाउंड्रीच्या फाटकात. उंच, टक्कल पडलेला, उन्हानं लाल झालेला, भुवईवर जुन्या जखमेची खूण. डावा पाय जरा ओढत चालायचा. मगदूम साहेबांनी हातात नारळ दिला तेव्हा त्यानं तो कानाशी नेऊन हलवला, पाणी ऐकलं आणि एका फटक्यात फोडला. कामगारांनी शिट्ट्या मारल्या. तो वाकून हसला. माणूस गोड होता, आणि त्यानं माझी काळजी आणखीच वाढली.

फाटकाबाहेर साळोख्यांची उघडी जीप, पुढं हलगी. मागून आमची अँबॅसिडर. गाडी शहराकडं वळली तशी मी जर्मनमध्ये, अगदी सहज विचारावं तसं विचारलं, "तुमचं बालपण फार गरिबीत गेलं असेल, नाही?"

"गरिबीत?" तो म्हणाला. "माझे वडील दातांचे डॉक्टर होते. घरी पियानो होता. मला रोज वाजवावा लागायचा. म्हणून तर मी घरातून पळून मैदानावर जायचो."

"घरी जनावरं वगैरे?"

"एक मांजर होतं. चावायचं."

"दूध तरी आवडत असेल तुम्हाला."

"दूध मला पचत नाही. लहानपणापासून. एक घोट घेतला तर दिवसभर पोट धरून बसतो."

"पण तो फोटो? ग्लास हातात धरलेला?"

तो मोठ्यानं हसला. "ती डेअरीची जाहिरात होती. फोटो झाल्यावर मी ते दूध कुंडीत ओतलं. कुंडीतलं झाडसुद्धा मेलं. पण तो फोटो तुम्ही कुठं बघितला?"

"असाच. कुठंतरी." मी घाईघाईनं पुढं विचारलं, "आणि वडील यायचे का तुमचे सामने बघायला?"

"शनिवारी त्यांचे पेशंट असायचे," तो म्हणाला आणि काच खाली करून रस्त्यावरच्या उसाच्या गाड्या बघू लागला.

तालमीसमोर मांडव घातला होता. माणसं कट्ट्यावर, गच्चीवर, भिंतीवर. ब्रोकमानच्या डोक्यावर फेटा चढला तेव्हा तो व्यासपीठाच्या कमानीला अडकला आणि पुन्हा बांधावा लागला. पहिल्या ओळीत बापूमामा, गुलाबी फेट्यात, कपाळावर घाम. त्यांच्या शेजारची खुर्ची सोडून नेर्लेकर मास्तर, मांडीवर 'अनवाणी सम्राट', त्यात खुणेसाठी घातलेल्या कागदाच्या पट्ट्या. आणि व्यासपीठाच्या अगदी पायथ्याशी, शिंगांना गोंडे लावलेली, पाठीवर झूल घातलेली एक थोरली म्हैस.

"हे जनावर इथं काय करतंय?" ब्रोकमाननं मला हळूच विचारलं.

"स्वागत," मी म्हटलं.

त्यानं म्हशीलाही मान लववून नमस्कार केला. मांडवात टाळ्यांचा कडकडाट झाला. "बघा, बघा! ओळख लागली!" मागून कुणीतरी ओरडलं.

साळोखे बोलायला उठले. बोक्याच्या माउलीनं शेण काढता काढता त्याला कसे धडे दिले, पोरगा दव पडलेल्या गवतातनं अनवाणी कसा पळायचा, ओटो वस्तादांनी त्याच्याकडनं कसे जोर मारून घेतले, सगळं पुस्तकातलं, पण दुप्पट तिखट-मीठ लावून. भाषण संपल्यावर सगळ्यांची तोंडं माझ्याकडं वळली. मी ब्रोकमानला जर्मनमध्ये सांगितलं, "तुम्ही आलात म्हणून त्यांना फार आनंद झालाय."

"एवढं लांब भाषण, आणि एवढंच?"

"मराठी जरा लांबट भाषा आहे."

त्यानं माझ्याकडं एकदा निरखून बघितलं. मग तो उठला. जर्मनमध्ये तो म्हणाला, "धन्यवाद. तुमच्या गावाचं नाव मला नीट म्हणता येत नाही, माफ करा. माझा गुडघा दुखतोय, म्हणून थोडंच बोलतो. इथं फार उकडतं, पण फुटबॉलवर इतकं प्रेम करणारी माणसं मी फार दिवसांत बघितली नाहीत."

मी मराठीत म्हटलं, "ब्रोकमान साहेब म्हणतात, धन्यवाद. या मातीत पाय ठेवला आणि त्यांना आपला गोठा आठवला. ते म्हणतात, आमच्या आईनं आम्हाला दोनच गोष्टी शिकवल्या. धार काढताना म्हशीला आणि गोल मारताना गोलीला कळू द्यायचं नाही."

मांडव डोक्यावर घेतला लोकांनी. फेटे उडाले. ब्रोकमान खाली बसता बसता मला म्हणाला, "गुडघ्याचं सांगितलं त्यावर इतक्या टाळ्या?"

"इथं गुडघ्याला फार मान आहे," मी म्हटलं.

मग जे व्हायला नको होतं ते झालं. एक माणूस म्हशीखाली बसला, सर्वांच्या देखत धार काढली आणि पितळेचा हा एवढा पेला, वरपर्यंत फेसानं भरलेला, ब्रोकमानच्या हातात दिला. सगळे टक लावून बघू लागले. ब्रोकमानचा चेहरा त्या फेसासारखाच पांढरा पडला.

मी माईक ओढला. "मंडळी, थांबा! ब्रोकमान साहेबांचा एक नेम आहे. पुस्तक वाचलेल्यांना आठवत असेल. पहिला पेला ते स्वतः कधीच घेत नाहीत. पहिला पेला गुरूला! आज ओटो वस्ताद हयात नाहीत. म्हणून तो मान ते त्यांचं चरित्र लिहिणाऱ्या बापूसाहेबांना देताहेत!"

आणि जर्मनमध्ये ब्रोकमानला, "समोरच्या गुलाबी फेट्यातल्या गृहस्थांना द्या. ताबडतोब."

त्यानं इतक्या चपळाईनं पेला पुढं केला की गुडघा दुखतोय हे खरं वाटेना. मामांनी तो दोन्ही हातांनी घेतला. सगळी पेठ बघत होती. त्यांनी तो एका दमात संपवला आणि ओठांवर पांढरी मिशी घेऊन खाली बसले.

"आता पावण्यांना!" साळोखे गरजले. दुसरा पेला आला.

"दुसरा यजमानांना," मी म्हटलं. "त्यांच्याकडं तशी रीतच आहे."

साळोख्यांची छाती फुगली. त्यांनी तो घटाघट रिकामा केला. तिसरा पेला भरला जाऊ लागला आणि मी तो कुणाच्या गळ्यात घालायचा याचा विचार करत असतानाच नेर्लेकर मास्तर उठले.

"एक प्रश्न आहे," ते म्हणाले. मी माईक घेऊन पुढं झाले, तर त्यांनी हात वर करून मला थांबवलं. "तुम्ही राहू द्या, बाई."

आणि ते इंग्रजीत बोलू लागले. सावकाश, एकेक शब्द सुटा, वर्गात शिकवल्यासारखं. "मिस्टर ब्रोकमान, या पुस्तकात लिहिलं आहे की तुमच्या आई म्हशी पाळत होत्या. हे खरं आहे का? हो किंवा नाही, एवढंच सांगा."

इंग्रजीला दुभाषी लागत नव्हता. मांडवातल्या बहुतेकांना प्रश्न कळला नव्हता, पण काहीतरी निकराचं चाललंय एवढं सगळ्यांना समजलं. हलगीवाल्यानं हलगी बगलेत धरली. साळोखे भुवया उंचावून बघत होते.

ब्रोकमाननं मास्तरांकडं बघितलं. मग त्यांच्या हातातल्या पुस्तकाकडं; मुखपृष्ठावर तोच होता, दुधाचा ग्लास घेऊन. मग म्हशीकडं. मग बापूमामांकडं, ज्यांच्या ओठांवरचं दूध तसंच होतं आणि ज्यांचे डोळे मिटलेले होते. शेवटी माझ्याकडं. मला कुठं बघावं कळेना, म्हणून मी मांडवाच्या कापडाकडं बघितलं.

"टू," तो म्हणाला.

"काय?" मास्तरांनी विचारलं.

"टू," ब्रोकमाननं दोन बोटं वर केली आणि ती लोकांना फिरवून दाखवली. "टू बफेलोज."

हे इंग्रजी अख्ख्या पेठेला कळलं. जो काही आरडाओरडा झाला, त्यानं म्हैस दाव्याला हिसके द्यायला लागली. मास्तर मात्र हटले नाहीत. "नावं?" ते किंचाळले. "त्यांची नावं सांगा!"

"बेर्टा," ब्रोकमान शांतपणे म्हणाला. जरा विचार केला. "अँड हिल्डेगार्ड."

मास्तरांनी विजयी मुद्रेनं पुस्तक उघडलं. "बघा! पुस्तकात म्हशीचं नाव लिली आहे! स्पष्ट छापलंय! लिली!"

तेवढ्यात बापूमामा ताडकन उठले. "लिली हे बेर्टाचं रेडकू!"

"बसा मास्तर!" साळोखे ओरडले. "म्हशी त्याच्या. नावं त्याला ठाऊक असतील का तुम्हाला?"

मास्तर बसले. मांडवभर हशा उसळला. खरं तर पूर्ण मांडवात खरं बोलणारा तो एकच माणूस होता. पण त्याला तेव्हा कोण विचारतो.

व्यासपीठावरून उतरताना ब्रोकमाननं माझ्या दंडाला धरलं. फेट्याचा शेमला त्याच्या डोळ्यावर आला होता. "आता सांगा," तो म्हणाला. "माझ्याकडं आणखी काय काय होतं?"

सत्कारामुळं फाउंड्रीतलं जेवण रद्द होऊन ते मामांच्या घरी ठरलं होतं. मगदूम साहेब मशीनकडं परत गेले होते, साळोख्यांना तालमीत पाहुणे होते. त्यामुळं पाटावर आम्हीच. ब्रोकमानसाठी तेवढी खुर्ची. मामीनं तांबडा रस्सा, पांढरा रस्सा, सुकं मटण वाढलं. उज्ज्वला पाण्याचा तांब्या घेऊन उभी. मामा समोर मान खाली घालून बसलेले.

"तुम्हाला कळलं कसं?" मी ब्रोकमानला विचारलं.

"मी दुभाष्यांबरोबर जन्म काढलाय. लांब प्रश्नाचं एवढंसं भाषांतर करतो, तो काहीतरी लपवत असतो. आणि हे गृहस्थ माझ्याकडं असे बघत होते, जसा पेनल्टीच्या आधी गोली बघतो. मी पेनल्टी मारणारा माणूस. ती नजर मला चांगली माहीत आहे."

"आणि बेर्टा, हिल्डेगार्ड?"

"बेर्टा माझी पियानोची बाई. हिल्डेगार्ड वडिलांच्या दवाखान्यातली नर्स. दोघी आता नाहीत. असत्या तर मला फटकावलं असतं."

मामा चाचरत म्हणाले, "वैजू, त्यांना सांग, राग मानू नका म्हणावं. आम्हाला माणूस आवडला होता. माहिती नव्हती."

मी हे जसंच्या तसं सांगितलं. ब्रोकमाननं रश्श्याची वाटी खाली ठेवली. "जर्मनीत माझ्यावर दोन पुस्तकं आहेत," तो म्हणाला. "त्यांत माहिती सगळी बरोबर आहे." आणि फळीवरच्या 'अनवाणी सम्राट'कडं बोट केलं. "वाचा. सगळं."

जेवता जेवता मी वाचू लागले. मराठी डोळ्यांनी, जर्मन तोंडानं. पहाटेचा गोठा आला तेव्हा तो गालातल्या गालात हसत होता. ओटो वस्ताद झाडाला मडकी टांगून त्याला नेम शिकवतात, तिथं त्याला ठसका लागला. तांबडा रस्सा आणि हसू, दोन्ही एकदम. पुढं बुटांसाठी आई आपली नथ विकते.

"काय विकते?"

मी नथ म्हणजे काय ते नाकाला बोट लावून दाखवलं.

"माझ्या आईच्या नाकात?"

मी मामांना विचारलं. मामा म्हणाले, "मग दुसरं काय विकणार बाईमाणूस?"

हे सांगितल्यावर त्यानं डोळे पुसले. उज्ज्वलाही हसायला लागली, मामीनं पदर तोंडाला लावला. सकाळपासून पहिल्यांदाच मामांच्या चेहऱ्यावर रंग आला. मग मी शेवटच्या प्रकरणाकडं वळले.

त्यात अंतिम सामन्याचा दिवस आहे. हाइनरचे वडील खाणीतलं काम सोडून सायकलवरनं निघालेत. सायकलला फडक्यात बांधलेली भाकरी. दारावरचे लोक त्यांना आत सोडत नाहीत. ते म्हणतात, 'आत माझा पोरगा खेळतोय.' एवढंच म्हणत राहतात. शेवटी कुणाला तरी दया येते आणि ते गोलच्या मागं, कठड्याला धरून उभे राहतात. डोक्याला पट्टी बांधलेला हाइनर मैदानावर परत येतो. एवढ्या हजारो माणसांत त्याला एकच दिसतं, ती काळी टोपी. चेंडू वरून येतो. तो उडी मारतो ती चेंडूसाठी नव्हे, त्या टोपीकडं. आणि गोल होतो.

मी वर बघितलं. ब्रोकमान हसत नव्हता.

"पुन्हा वाचा," तो म्हणाला.

मी पुन्हा वाचलं. सायकल, भाकरी, कठडा, टोपी.

"माझे वडील एकदाही आले नाहीत," तो म्हणाला. "एकही सामना बघितला नाही. त्यांना वाटायचं, फुटबॉल म्हणजे रस्त्यावरच्या पोरांचं काम. त्या दिवशीही शनिवार होता. घरापासून मैदान जवळ होतं, ट्रामनं जाता आलं असतं." तो थांबला. "दुसरा गोल मारल्यावर मी गोलच्या मागं बघितलं होतं. उगीचच. हे मी कुणालाही सांगितलेलं नाही. यांना कुणी सांगितलं?"

मी विचारलं. मामा गोंधळले. "कुणी नाही, बाबा. गोल मारल्यावर माणूस बघणारच की, कुणीतरी आपलं आलंय का म्हणून."

ब्रोकमाननं मान हलवली. मग त्यानं विचारलं, "पुढं काय झालं? सामना संपल्यावर ते मला काय म्हणाले?"

पुढं काहीच नव्हतं. गोल झाल्यावर पुस्तक संपत होतं, कारण रेठरेकरांनी सांगितलं होतं की आता एक पानही वाढवू नका. मी तसं सांगायला तोंड उघडलं, पण ब्रोकमान माझ्याकडं बघतच नव्हता. तो मामांकडं बघत होता. त्या घरात त्याच्या वडिलांबद्दल सांगू शकणारा तेवढाच माणूस होता.

मामांना एखादी गोष्ट सुचायची तेव्हा त्यांचे डोळे चमकायचे, हात नाचायचे. मी लहानपणापासून ते बघत आले होते. आता तसलं काही झालं नाही. ते ताटाकडं बघत राहिले. मग हळू आवाजात म्हणाले, "जेवलास का?"

"काय?" मी विचारलं.

"वडील म्हणाले, जेवलास का?"

"मामा, एवढंच? एवढा मोठा सामना जिंकल्यावर?"

"मग काय, हार घालणार? बाप आहे तो."

मी ते जर्मनमध्ये सांगितलं. दोन-तीन शब्दांचं वाक्य. ब्रोकमाननं ते स्वतःशी पुन्हा म्हटलं. नुसते ओठ हलले. मग खिशातून रुमाल काढला, पण चेहऱ्याला लावला नाही, हातातच धरून ठेवला.

"आणि मी काय म्हणालो?" त्यानं विचारलं.

मामांनी मान हलवली. "ते मला नाही सांगता यायचं. ते त्यांनीच सांगावं."

तो खिडकीबाहेर बघत होता. बोळात कुणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

"नाही," तो म्हणाला. "मी म्हणालो, नाही जेवलो. तुमचीच वाट बघत होतो."

हे मी मामांना मराठीत सांगितलं. एक अक्षर इकडचं तिकडं केलं नाही.

उज्ज्वला भिंतीकडं तोंड करून उभी होती. शेवटी मामीच पातेलं घेऊन पुढं झाली. "मग आता जेवा म्हणावं की त्यांना. सगळं गार झालं." आणि तिनं न विचारता त्याच्या ताटात भाकरी वाढली. त्याला दुभाष्याची गरज पडली नाही. तो जेवला. पोटभर जेवला.

त्याला आता बरीच वर्षं झाली. उज्ज्वलाचं लग्न ठरल्या मुहूर्तावर थाटात झालं. मास्तरांनी पुढं आपल्या सदरात लिहिलं की जर्मनीच्या उत्तर भागात म्हशी आढळतात असं दिसतं. ब्रोकमान पुन्हा कधी आला नाही, पण आमच्या मशीनचा एखादा भाग बिघडला की मागणी केल्याबरोबर जर्मनीहून नवा भाग हजर व्हायचा, आणि मगदूम साहेबांना त्याचं नवल वाटायचं.

'अनवाणी सम्राट'ची दुसरी आवृत्ती निघाली. बेर्टा आणि हिल्डेगार्डवर त्यात एक स्वतंत्र प्रकरण होतं आणि ते लोकांना फार आवडलं. मी आधी शेवटचं पान उघडलं. ते होतं तसंच होतं. गोल झाला आणि पुस्तक संपलं.

"मामा," मी विचारलं, "ते जेवणाचं का नाही घातलं? सगळ्यात चांगलं तेच होतं."

मामा नवीन प्रतींचे गठ्ठे बांधत होते. त्यांनी दोरीची गाठ आवळली.

"ते कसं छापणार?" ते म्हणाले. "ते त्या दोघांचं होतं."